‘आंधळ्यांच्या शाळे’चा नॉर्वेतला मास्तर

मराठी रंगभूमीच्या इतिहासाचं कुठलंही पुस्तक उघडा, १ जुलै १९३३ ही तारीख त्यात सापडतेच. त्या दिवशी ‘नाट्यमन्वंतर’ या संस्थेनं ‘आंधळ्यांची शाळा’ रंगमंचावर आणलं. बायकांच्या भूमिका बायकांनी केल्या. पदांची रेलचेल जाऊन मोजकी गाणी उरली. रंगवलेल्या पडद्यांच्या जागी खऱ्या दिवाणखान्यासारखं नेपथ्य उभं राहिलं. केशवराव दाते, के. नारायण काळे, पार्श्वनाथ आळतेकर, अनंत काणेकर, संगीताला केशवराव भोळे अशी एकाहून एक मंडळी त्या खटाटोपात होती. ज्योत्स्नाबाई भोळे यांची बिंबा तर पुढे कित्येक वर्षं लोकांच्या आठवणीत राहिली.

नाटक लिहिलं होतं श्री. वि. वर्तकांनी, पण मूळ कथा त्यांची नव्हती. ती आली होती नॉर्वेहून. नॉर्वे म्हटलं की आपल्या तोंडी लगेच नाटककार इब्सेनचं नाव येतं. इथे ते चुकतं. ‘आंधळ्यांची शाळा’ ज्यावर बेतलं ते नाटक ब्यर्नस्ट्येर्ने ब्यर्नसन याचं आहे. उच्चारताना जीभ अडखळली तर वाईट वाटून घेऊ नका, नावाचा अर्थ लक्षात ठेवला तरी पुरे. ब्यर्न म्हणजे अस्वल आणि स्ट्येर्ने म्हणजे तारा. माणूस दिसायलाही तसाच होता: रुंद खांदे, मागे फिरवलेल्या केसांची आयाळ, डोळ्यांवर चश्मा आणि सभागृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत सहज पोहोचणारा आवाज.

हयातीत हा माणूस इब्सेनइतकाच प्रसिद्ध होता आणि नॉर्वेत तर इब्सेनहून जास्त लाडका. आज नॉर्वेबाहेर त्याला फारसं कोणी वाचत नाही. हे असं का झालं याचं उत्तर त्याच्या आयुष्यातच आहे, पण त्यासाठी आधी त्याच्या देशाची तेव्हाची अवस्था समजून घ्यायला हवी.

नॉर्वे जवळपास चारशे वर्षं डेन्मार्कच्या राजाखाली होता. १८१४ मध्ये युरोपातल्या युद्धांच्या धामधुमीत तो डेन्मार्कच्या हातून सुटला. आइड्सवोल या गावी लोकांच्या प्रतिनिधींनी जमून १७ मे रोजी स्वतःची राज्यघटना केली, आणि त्याच वर्षी देशाला स्वीडनशी मोट बांधून घ्यावी लागली. संसद नॉर्वेची, कायदे नॉर्वेचे. राजा मात्र स्वीडनचा आणि परदेशांशी व्यवहारही स्वीडनच्याच हाती. घर आपलं, पण दाराची किल्ली शेजाऱ्याकडे, असा तो कारभार.

याहून अवघड गोष्ट होती भाषेची. चारशे वर्षांत कचेरीची, चर्चची, पुस्तकांची भाषा डॅनिश होऊन बसली होती. खेड्यापाड्यांतला माणूस आपली बोली बोलायचा, पण लिहायची वेळ आली की डॅनिश. आणि नाटकाची भाषा? तीही डॅनिशच, तीसुद्धा अस्सल कोपनहेगनी उच्चारांची. राजधानीचं नाव तेव्हा क्रिस्तियानिया होतं. ओस्लो हे नाव १९२५ मध्ये आलं. तिथल्या मोठ्या नाट्यगृहात नट यायचे डेन्मार्कहून. नॉर्वेजियन उच्चार म्हणजे गावंढळ, रंगमंचावर शोभत नाही, असं शिकल्यासवरल्यांनाही मनापासून वाटायचं. आपल्याकडे एखाद्या बोलीत बोलणारं पात्र आलं की ते नोकराचं किंवा विनोदासाठीच असणार, असा समज वर्षानुवर्षं होता. तोच समज एका अख्ख्या देशाच्या भाषेबद्दल, आणि तोही त्या देशाच्या राजधानीत, अशी कल्पना करा.

या देशात ८ डिसेंबर १८३२ रोजी ब्यर्नसन जन्मला. वडील पेदर हे पाद्री. डोंगराळ क्विकने भागात त्यांची नेमणूक होती. तिथल्या थंडीबद्दल ब्यर्नसननं पुढे लिहून ठेवलंय की हिवाळ्यात बाहेरच्या दाराच्या कडीला हात लावायचा धीर व्हायचा नाही, कारण बोटं लोखंडाला चिकटायची. तो पाच वर्षांचा असताना वडिलांची बदली पश्चिमेकडच्या रोम्सदाल भागात नेसेट इथे झाली. एका बाजूला खाडीचं पाणी, दुसऱ्या बाजूला हिरवी शेतं, वर डोंगर. बर्फाच्या कोठडीतून एकदम बागेत यावं तसं त्या पोराला झालं असणार. पुढे त्याच्या कथांत जे शेतकरी, ज्या शेळ्या, जे उतार येतात ते बहुतेक इथले.

सतराव्या वर्षी तो राजधानीत आला, परीक्षेची तयारी करून घेणाऱ्या हेल्टबर्ग नावाच्या मास्तरांच्या शिकवणीत. लोक त्या जागेला गमतीनं ‘विद्यार्थ्यांचा कारखाना’ म्हणायचे. त्या कारखान्याच्या बाकांवर तेव्हा कोण बसत होतं पाहा: ब्यर्नसन, हेन्रिक इब्सेन, पुढे मोठा कादंबरीकार झालेला युनास ली आणि बोलीभाषेचा कट्टर कैवारी कवी विन्ये. एका खासगी शिकवणीनं एका भाषेला एवढं दिलेलं दुसरं उदाहरण मला तरी ठाऊक नाही.

अभ्यासात मात्र याचं मन लागेना. तो वर्तमानपत्रांत नाट्यसमीक्षा लिहू लागला. लिहिता लिहिता त्याची खात्री झाली की आपल्या देशाचा स्वाभिमान संसदेइतकाच नाट्यगृहातही अडकलेला आहे. कारण साधं होतं. पुस्तक वाचणारे थोडे, आणि तेही एकेकटे वाचणार. नाट्यगृहात शेकडो माणसं एकाच वेळी एकच वाक्य ऐकतात. ते वाक्य कोणाच्या उच्चारात ऐकू येतं यावर आपण कोण आहोत हे ठरतं.

मग आला मे १८५६. क्रिस्तियानियाच्या थिएटरानं आणखी एका डॅनिश नटाला कामावर घेतलं. तेविशीतल्या ब्यर्नसननं माणसं जमवली, हातोहात शिट्ट्या वाटल्या, आणि प्रयोग सुरू होताच प्रेक्षागृहातून असा गदारोळ उठला की रंगमंचावरचं अक्षर ऐकू येईना. नॉर्वेच्या रंगभूमीच्या इतिहासात या प्रकाराला ‘शिट्ट्यांची लढाई’ म्हणतात. आज हे वाचताना थोडी अस्वस्थता येते. त्या बिचाऱ्या परदेशी नटाचा काय दोष? पण त्या रात्रीनंतर डॅनिश नटांची भरती पूर्वीसारखी निवांतपणे करणं थिएटरला जमलं नाही, हेही खरं.

नुसत्या शिट्ट्या वाजवणं सोपं असतं. पुढच्याच वर्षी त्याच्यावर नाटक करून दाखवायची वेळ आली. पश्चिम किनाऱ्यावरच्या बर्गन शहरात ओले बुल या जगप्रसिद्ध व्हायोलिनवादकानं १८५० मध्ये नॉर्वेजियन भाषेतलं पहिलं थिएटर उघडलं होतं. तिथे सहा वर्षं इब्सेन काम करत होता. तो १८५७ मध्ये राजधानीतल्या दुसऱ्या थिएटरात गेला आणि त्याच्या जागी आला ब्यर्नसन.

थिएटरचा संचालक म्हणजे नेमकं काय, हे जरा सांगायला हवं, कारण आज आपण ‘दिग्दर्शक’ म्हणतो त्याहून ते काम पुष्कळ मोठं होतं. नाटकं निवडायची, भूमिका वाटायच्या, तालमी घ्यायच्या, नेपथ्य आणि कपडे बघायचे, पगाराच्या हिशेबावरून मंडळाशी वाद घालायचा, आणि नटनटींचे रुसवे काढायचे. आपल्या जुन्या नाटक कंपनीचा मालक, तालीम मास्तर आणि व्यवस्थापक ही तीनही माणसं एकातच कोंबलेली. त्यात गाव लहान. तेच प्रेक्षक पुन्हा पुन्हा येणार, म्हणून एक नाटक चार-दोन प्रयोगांत जुनं व्हायचं आणि सतत नवं काही द्यावं लागायचं. या भट्टीतून इब्सेन आणि ब्यर्नसन दोघेही गेले. दोघांनाही कळलं की पात्र दारातून कधी आत यावं, प्रेक्षक कुठे खोकतो, कुठल्या वाक्याला श्वास रोखतो.

स्वभाव मात्र दोन टोकांचे. इब्सेन तालमीत बुजायचा, नटांना चारचौघांत सुनावणं त्याला जमायचं नाही. ब्यर्नसन उठून रंगमंचावर चढायचा आणि सगळ्या भूमिका स्वतः करून दाखवायचा. संचालक म्हणून ब्यर्नसन कितीतरी उजवा, असंच मला वाटतं. नाटककार म्हणून उलटं, पण त्याचं कारण पुढे येईल. बर्गनमध्ये त्याला आणखी एक गोष्ट मिळाली. तिथल्या कारोलिने रायमर्स या नटीशी त्यानं १८५८ मध्ये लग्न केलं, आणि हा संसार तो मरेपर्यंत, म्हणजे जवळपास ५२ वर्षं टिकला.

याच सुमारास तो लेखक म्हणून गाजला, पण नाटकानं नव्हे. १८५७ मध्ये ‘सिन्नोवे सोलबाक्केन’ ही खेड्यातली प्रेमकथा आली आणि तिनं वाचकांना वेड लावलं. गोष्ट साधीच आहे. डोंगराच्या उन्हाच्या बाजूला राहणारी मुलगी, सावलीच्या बाजूला राहणारा तापट मुलगा. नवं होतं ते या गोष्टीचं बोलणं. जुन्या वीरगाथांमध्ये वाक्यं लहान, तुटक, कमी बोलून जास्त सांगणारी असतात. तीच चाल ब्यर्नसननं वीस-तीस एकरवाल्या शेतकऱ्याच्या तोंडी दिली. वाचणाऱ्याला जाणवलं की हा शेतकरी त्या जुन्या वीरांच्याच रक्ताचा आहे. शब्द डॅनिश वळणाचे, पण श्वास नॉर्वेचा. मग तो एकदा खेड्याची गोष्ट लिहायचा, एकदा मध्ययुगातल्या राजांवरचं नाटक. आपल्या या पद्धतीला तो स्वतः शेतीतला शब्द वापरायचा: पिकांची फेरपालट.

१८५९ मध्ये त्यानं एक कविता लिहिली, ‘होय, आमचं या देशावर प्रेम आहे’ अशा अर्थाच्या ओळीनं सुरू होणारी. तिला चाल लावली त्याचा मामेभाऊ रिकार्द नूरद्रोक यानं. १७ मे १८६४ रोजी, राज्यघटनेला ५० वर्षं झाली तेव्हा आइड्सवोल इथे ती जाहीरपणे गायली गेली. चाल लावणारा पोरगा दोनच वर्षांनी, वयाच्या तेविसाव्या वर्षी क्षयानं गेला. गाणं राहिलं. तेच आज नॉर्वेचं राष्ट्रगीत. या गीतात ‘आमचा देश जगात श्रेष्ठ’ वगैरे भाषा फारशी नाही. वाऱ्यापावसानं झिजलेला, पाण्यातून वर येणारा किनारा आहे, आणि हजारो घरं आहेत. १७ मे रोजी लष्करी संचलनाऐवजी शाळकरी मुलांची मिरवणूक काढायची प्रथा क्रिस्तियानियात १८७० मध्ये सुरू झाली, तिच्यामागेही ब्यर्नसनचा पुढाकार होता. त्या वर्षी फक्त मुलगे होते. मुलींना त्या मिरवणुकीत यायला १८८९ उजाडावं लागलं.

ज्या थिएटरात त्यानं शिट्ट्या वाजवल्या होत्या, त्याच क्रिस्तियानिया थिएटरचा तो १८६५ मध्ये संचालक झाला. काळाचा हा न्याय पाहून जुन्या डॅनिश नटांना काय वाटलं असेल! शेक्सपिअरचं ‘मिडसमर नाइट्स ड्रीम’ त्यानं हौसेनं बसवलं. टीका झाली, तर त्यानं वर्तमानपत्रात सविस्तर उत्तर दिलं, की आपण आयुष्यात वाचलेल्या साहित्यात या नाटकाइतका परिणाम कशाचाच झालेला नाही. समीक्षकाला उत्तर देणारा संचालक, हा त्याचा मासला. त्याच वर्षी त्यानं ‘नवदांपत्य’ हे छोटं नाटक लिहिलं. नवरा सासरीच राहतोय, बायको आईबापांत इतकी गुंतलेली की नवऱ्याची ती होतच नाही. शेवटी तो तिला घेऊन वेगळं बिऱ्हाड करतो. घरजावयाची ही गोष्ट आपल्याला काही नवी नाही, पण राजे आणि तलवारी सोडून आजच्या माणसाच्या बैठकीत येण्याचं त्याचं ते पहिलं पाऊल होतं. व्यवस्थापनाशी खटके उडून १८६७ मध्ये त्यानं थिएटर सोडलं. पुढे १८७० ते १८७२ अशी दोन वर्षं फुटून निघालेल्या नटांना घेऊन त्यानं दुसरं थिएटर चालवलं. ते काही फार टिकलं नाही.

आता नाटककार ब्यर्नसन. १८७१ मध्ये कोपनहेगनमध्ये गेओर्ग ब्रांडेस या समीक्षकानं व्याख्यानांतून एक कल्पना मांडली: आजचे प्रश्न वादासाठी पुढे ठेवणारं साहित्यच जिवंत. आज हे वाक्य आपल्याला गुळगुळीत वाटतं. तेव्हा रंगमंचावर होत्या राजकन्या, वीर आणि शेवटी गोड होणाऱ्या प्रेमकथा. दिवाळखोरी, वर्तमानपत्रांतली बदनामी, लग्नातला खोटेपणा, संप यांवर नाटक होऊ शकतं हेच नवं होतं. याला आपण पुढे ‘समस्याप्रधान नाटक’ म्हणू लागलो, आणि त्याचा जनक म्हणून इब्सेनचं नाव घेऊ लागलो. तारखा मात्र वेगळंच सांगतात. ब्यर्नसनचं ‘दिवाळं’ आणि ‘संपादक’ ही दोन नाटकं १८७५ ची. इब्सेनचं ‘समाजाचे आधारस्तंभ’ आलं १८७७ मध्ये, आणि ‘बाहुलीघर’ १८७९ मध्ये. वाट ब्यर्नसननं पाडली.

‘दिवाळं’ आजही वाचायला मजा येते. चेल्दे नावाचा व्यापारी आतून पार बुडालेला आहे, पण गावातल्या बड्यांना जंगी मेजवानी देतोय, पत टिकावी म्हणून. मग बेरेंट नावाचा वकील येतो आणि त्याच्यासमोर हिशेबाचे कागद मांडतो. आकड्यामागून आकडा. चेल्दे खोटं बोलतो, विनवतो, धमकावतो, पिस्तूलही काढतो. वकील शांतपणे एवढंच सांगतो की सही कर. नाटकात एवढा थरार हिशेबवहीतून निर्माण होतो हे पाहून जर्मनीतले प्रेक्षक थक्क झाले, आणि नाटक तिथे गावोगाव झालं. शेवटचा अंक मात्र पाहा. दिवाळं निघाल्यावर कुटुंब साधेपणानं राहू लागतं, प्रामाणिकपणे कर्ज फेडतं, आणि सगळे आधीपेक्षा सुखी होतात. गुंतागुंत उभी करणारा लेखक इथे मास्तर होतो आणि फळ्यावर उत्तर लिहून टाकतो.

आता ‘आंधळ्यांच्या शाळे’चं मूळ. १८८३ चं ‘एन हान्स्के’, म्हणजे ‘हातमोजा’. स्वावा रीस ही चांगल्या घरातली, विचारी मुलगी. आल्फ या श्रीमंत, देखण्या तरुणाशी तिचं लग्न ठरतं. दोन्ही घरांत आनंदीआनंद. आणि मग तिला कळतं की आल्फचे आधी एका बाईशी संबंध होते. सगळे तिला समजावतात, की पुरुषांचं असं असतंच, यात विशेष काय. एक वाक्य तर त्या सगळ्या जमान्याचं सार आहे: बाईनं पुरुषाला आपला भूतकाळ आणि भविष्यकाळ दोन्ही द्यायचे असतात, पुरुषानं बाईला फक्त भविष्यकाळ. स्वावा हातातला मोजा काढते आणि आल्फच्या तोंडावर भिरकावते. युरोपात द्वंद्वाचं आव्हान देताना एक पुरुष दुसऱ्या पुरुषासमोर मोजा टाकायचा. इथे तो एका मुलीच्या हातून पडतो.

पण नाटकाची खरी धार पुढे आहे. स्वावाला कळतं की तिचे हसतमुख वडील आयुष्यभर तेच करत आले आहेत, आणि आईला ते सगळं ठाऊक होतं. ज्या घराला ती निर्मळ समजत होती ते घरही तसलंच. आल्फवर रागावणं सोपं, पण आईच्या मौनाचं काय करायचं? ‘आंधळ्यांची शाळा’ हे मराठी नाव ‘हातमोजा’पेक्षा मला जास्त आवडतं ते यामुळेच. डोळे मिटून जगायला घराघरांत मुलींना शिकवलं जातं, हे नाटकाचं वर्म वर्तकांनी नावातच आणलं. शिवाय मोजा फेकण्याचा अर्थ आपल्याकडे कोणाला कळणार होता? ‘हातमोजा’ प्रसिद्ध होण्याच्या आदल्याच वर्षी, १८८२ मध्ये ताराबाई शिंदे यांची ‘स्त्री-पुरुष तुलना’ पुण्यात छापली गेली होती. ताराबाईंना ब्यर्नसन ठाऊक असण्याचा प्रश्नच नव्हता, पण प्रश्न तोच: जे बाईला पाप, ते पुरुषाला माफ का?

या नाटकानं उत्तरेकडच्या देशांत असा वाद पेटवला की ‘हातमोजा-नीती’ असा शब्दच रूढ झाला. मजा अशी की ब्यर्नसनवर दोन्ही बाजूंनी मार बसला. धर्ममार्तंडांना रंगमंचावर असला विषय येणंच मान्य नव्हतं. उलट राजधानीतले बंडखोर तरुण लेखक म्हणत, समानता हवी तर बाईलाही मोकळीक द्या, पुरुषालाही बांधून कशाला ठेवता? त्यांच्यातल्या हान्स येगरचं पुस्तक १८८५ मध्ये जप्त झालं आणि तो तुरुंगात गेला. ब्यर्नसन मागे हटला नाही. त्यानं नाटक पुन्हा लिहून अधिक कडक केलं आणि १८८७-८८ मध्ये ‘एकपत्नीत्व आणि बहुपत्नीत्व’ या विषयावर गावोगाव व्याख्यानं दिली. ब्रांडेसशी जुनी मैत्री त्यात तुटली. नाटक लिहून झालं की लेखकानं गप्प बसावं हे त्याला कधी पटलंच नाही. नाटकात राहिलेलं तो व्याख्यानात सांगायचा, व्याख्यानात राहिलेलं वर्तमानपत्रात.

एकदाच त्यानं फळ्यावर उत्तर लिहिलं नाही, आणि तेच त्याचं सर्वोत्तम नाटक ठरलं. ‘शक्तीपलीकडे’, तेही १८८३ चं. उत्तर नॉर्वेतला पाद्री सांग याच्या प्रार्थनेनं आजारी माणसं बरी होतात अशी ख्याती आहे. स्वतःची बायको क्लारा मात्र वर्षानुवर्षं अंथरुणाला खिळलेली, आणि तिचा नवऱ्याच्या श्रद्धेवर विश्वास नाही. तो चर्चमध्ये जाऊन प्रार्थनेला बसतो. क्लाराला कित्येक दिवसांनी झोप लागते. डोंगरकडा कोसळतो आणि नेमका चर्चला वळसा घालून जातो. बाहेर पाद्रीमंडळी बसून याला चमत्कार म्हणायचं की नाही याचा खल करतात, आणि तो भाग चक्क विनोदी आहे. शेवटी क्लारा उठते, चालत येते. लोक आनंदानं गाऊ लागतात. ती नवऱ्याच्या मिठीत मरून पडते. पाद्री चक्रावतो, ‘पण असं तर अपेक्षित नव्हतं’ अशा अर्थाचं काही पुटपुटतो आणि तोही कोसळतो. पडदा. चमत्कार झाला की नाही? लेखक सांगत नाही. ब्यर्नसन या पाद्र्याच्या मुलाची धर्मश्रद्धा त्याआधी काही वर्षं गळून पडली होती, आणि ते दुखणं ताजं होतं म्हणूनच कदाचित त्याला इथे मास्तरकी सुचली नाही.

इब्सेन आणि तो यांचं नातं हे स्वतंत्र नाटक आहे. १८६४ मध्ये इब्सेन कफल्लक अवस्थेत इटलीला निघाला तेव्हा पैसे गोळा करून देण्यात ब्यर्नसन पुढे होता. इब्सेनच्या मुलाचा, सिगुर्दचा, तो धर्मपिता. मग १८६९ मध्ये इब्सेननं एक प्रहसन लिहिलं. त्यातला फड मारणारा, टाळ्यांना भुललेला तरुण पुढारी म्हणजे आपणच, हे ब्यर्नसननं ओळखलं. दहा-बारा वर्षं अबोला. पण १८८१ मध्ये ‘भुतं’ या नाटकावरून सगळा देश इब्सेनवर तुटून पडला तेव्हा त्याच्या बाजूनं उभा राहणाऱ्या मोजक्या लोकांत ब्यर्नसन होता. पुढे १८९२ मध्ये सिगुर्दनं ब्यर्नसनच्या मुलीशी, बेर्ग्लियोतशी लग्न केलं. व्याही झाल्यावर भांडणार किती?

राजकारणाची यादी लांब आहे, भरभर सांगतो. झेंड्यावरची स्वीडनशी युतीची खूण काढून टाका म्हणून तो वर्षानुवर्षं झगडला. राजेशाही नको म्हणून नाटक लिहिलं. अमेरिकेत स्थायिक झालेल्या नॉर्वेजियनांपुढे १८८०-८१ मध्ये दौरा केला. फ्रान्समध्ये देशद्रोहाच्या खोट्या आरोपात अडकवलेल्या ड्रेफस या ज्यू लष्करी अधिकाऱ्याच्या बाजूनं पत्रं लिहिली. उतारवयात त्याला हंगेरीच्या राजवटीखाली स्लोव्हाक लोकांची भाषा दडपली जात असल्याचं कळलं. सत्तरी उलटलेल्या या माणसानं १९०७ पासून युरोपातल्या वर्तमानपत्रांत त्याविरुद्ध लेख लिहिले, आणि तेव्हापासून स्लोव्हाकियात त्याचं नाव आदरानं घेतलं जातं. कोपनहेगनी उच्चारांनी कान किटलेल्या पोराला हे दुखणं कळायला वेळ लागला नसेल. मायदेशात मात्र बोलींवरून बनवलेल्या नव्या लेखनभाषेला त्याचा कडवा विरोध होता, ही विसंगती लपवण्यात अर्थ नाही. शेतकऱ्याला साहित्यात आणणारा शेतकऱ्याच्या भाषेत लिहायला तयार नव्हता.

१९०३ मध्ये त्याला साहित्याचं नोबेल मिळालं, तेही स्वीडिश अकादमीकडून, म्हणजे ज्यांच्याशी जन्मभर भांडला त्यांच्याच हातून. १९०५ मध्ये युती तुटण्याच्या ऐन वेळी त्यानं पंतप्रधान मिकेलसेन यांना तार केली, ‘आता एकत्र राहायची वेळ आहे’. उलट तार आली, ‘आता तोंड बंद ठेवायची वेळ आहे’. किस्सा खरा की रचलेला, कोण जाणे, पण ज्यानं रचला त्याला ब्यर्नसन पुरता कळला होता.

मग इब्सेन उरला आणि हा का मागे पडला? इब्सेनच्या ‘बाहुलीघर’मधली नोरा नवऱ्याचं घर सोडून, दार लावून निघून जाते आणि पुढे काय, हे आपण दीडशे वर्षांनंतरही भांडतोय. ब्यर्नसनला दाराबाहेर जाऊन नोराला सल्ला दिल्याशिवाय राहवलं नसतं. सभेत उभा राहणारा माणूस समोरच्याला उत्तर देऊनच खाली बसतो, आणि ती सवय त्यानं रंगमंचावर आणली. प्रश्न सुटला की त्याच्यावरचं नाटक शिळं होतं. त्यातले बरेच प्रश्न सुटले, आणि सुटले त्यात त्याच्या त्या व्याख्यानांचाही हात होता. यात त्याची हार कुठे आणि जीत कुठे, हे मला अजून नीट ठरवता आलेलं नाही.

१८९९ मध्ये क्रिस्तियानियात राष्ट्रीय नाट्यगृह उघडलं. पहिला संचालक ब्यर्नसनचा मुलगा ब्यर्न. दारासमोर दोन पुतळे, इब्सेनचा आणि ब्यर्नसनचा, आणि दोघेही तेव्हा जिवंत. इब्सेन १९०६ मध्ये गेला. ब्यर्नसन २६ एप्रिल १९१० रोजी पॅरिसमध्ये वारला. त्याचा देह नॉर्वेच्या युद्धनौकेनं मायदेशी आणला आणि इब्सेन जिथे आहे त्याच दफनभूमीत पुरला. कबरीवर दगडाचा झेंडा पांघरलेला आहे.

सिगुर्द आणि बेर्ग्लियोतचा मुलगा तान्क्रेद, म्हणजे दोघा म्हाताऱ्यांचा एकच नातू, मोठेपणी सिनेमा दिग्दर्शक झाला. १९३४ मध्ये, म्हणजे इकडे ‘आंधळ्यांची शाळा’ येऊन वर्ष झालं तेव्हा, तान्क्रेद इब्सेननं एक चित्रपट केला. कथा इब्सेनआजोबांची नव्हती. ‘सिन्नोवे सोलबाक्केन’ होती.